डेडॅलस : एका काल्पनिक कारागिराचें चरित्र

ज्या पुरुषाचें चरित्र आज वाचकांपुढें ठेवावयाचें योजिलें आहे, त्याची जन्मतिथि कोणास ठाऊक नाहीं, मृत्यूचें वर्ष कोठें नोंदलेलें नाहीं, आणि तो या पृथ्वीवर खरोखर होऊन गेला असें कोणी शपथेवर सांगूं शकणार नाहीं. असें असतांही दोन हजारांहून अधिक वर्षें कवि, शिल्पकार, चित्रकार आणि अलीकडे शास्त्रज्ञसुद्धां त्याचें नांव घेत आले आहेत. हा पुरुष म्हणजे प्राचीन ग्रीक लोकांच्या पुराणांतील कारागीर डेडॅलस. आपल्या पुराणांत विश्वकर्म्याची किंवा मयासुराची जी कीर्ति आहे, तशीच ग्रीकांच्या कथांत याची आहे. भेद इतकाच कीं विश्वकर्मा हा देव, मय हा दानव, आणि डेडॅलस हा मात्र माणूस. लोभ, मत्सर, भीति, पुत्रप्रेम हे सर्व मनुष्यधर्म त्याच्या ठायीं होते. म्हणून त्याच्या यंत्रांकडे जितकें लक्ष द्यावें, तितकेंच त्याच्या वर्तनाकडेही देणें अगत्याचें आहे.

डेडॅलसची सगळी हकीकत कोणा एका ग्रंथांत सलग सांपडत नाहीं. ओव्हिड व व्हर्जिल हे रोमन कवि, सिसिलीचा इतिहासकार डायोडोरस, प्रवासवर्णनकार पॉसॅनिअस इत्यादिकांनीं तिचे निरनिराळे भाग सांगितले आहेत, आणि बारीकसारीक गोष्टींत त्यांचा मतभेदही आहे. त्या सर्वांच्या आधारें जें कथानक जुळतें तें असें.

डेडॅलस हा अथेन्सचा राहणारा. तेथील राजघराण्याशीं त्याचें नातें होतें. परंतु त्याचा लौकिक झाला तो कुळामुळें नव्हे, तर हातांतील कसबामुळें. करवत, वाकस, ओळंबा, गिरमिट आणि सरस या सुताराच्या नित्य उपयोगाच्या वस्तु त्यानेंच शोधून काढिल्या असें रोमन ग्रंथकार प्लिनी सांगतो. मूर्तिकलेंतही त्यानें मोठी क्रांति केली असें ग्रीक लोक मानीत. त्याच्या पूर्वीच्या मूर्तींचे डोळे मिटलेले, हात अंगाशीं चिकटलेले आणि पाय एकमेकांस जोडलेले असत. डेडॅलसनें डोळे उघडले, हात मोकळे केले आणि एक पाय पुढें टाकावयास लाविला. या मूर्ति इतक्या सजीव भासत कीं त्या बांधून ठेविल्या नाहींत तर पळून जातात, अशी आख्यायिका पसरली. प्लेटोच्या एका संवादांत सॉक्रेटीसनें तिचा मोठा मार्मिक उपयोग केला आहे. खरें मत सुद्धां कारणें देऊन बांधून ठेविलें नाहीं, तर तें डेडॅलसच्या मूर्तीप्रमाणें मनांतून निघून जातें, असा त्याच्या बोलण्याचा आशय आहे. धडा पाठ करून परीक्षेनंतर विसरणाऱ्या विद्यार्थ्यांस हा दृष्टान्त सहज पटेल.

डेडॅलसच्या बहिणीनें आपला मुलगा त्याच्याकडे शिकावयास ठेविला होता. ओव्हिड त्याचें नांव पर्डिक्स असें देतो. इतर कोणी त्यास टॅलॉस म्हणतात. मुलगा अवघा बारा वर्षांचा, पण बुद्धि अत्यंत तीव्र. एके दिवशीं त्यानें माशाच्या पाठीचा कांटा पाहिला. तसेच दांते लोखंडाच्या पट्टीस पाडले तर लांकूड कापतां येईल असें त्याच्या मनांत आलें, आणि करवत तयार झाली. दोन लोखंडी भुजा एका टोकाशीं जोडून त्यानें वर्तुळ काढण्याचा कंपासही केला. करवतीचा मान प्लिनी मामास देतो आणि ओव्हिड भाच्यास देतो, हें वाचकांच्या ध्यानांत आलेंच असेल. नेमक्या याच मानावरून पुढील अनर्थ घडला.

शिष्याकडून आपला पराजय व्हावा अशी इच्छा गुरूनें धरावी, असें आपल्याकडे म्हणतात. डेडॅलसला तो पराजय सोसवला नाहीं. त्यानें त्या मुलास अथेन्सच्या गडावरून खालीं लोटून दिलें. देवी अथेना ही बुद्धिमंतांची कैवारी. तिनें त्यास वरच्यावर झेलून पक्षी बनविलें अशी कथा आहे. तो पक्षी म्हणजे तित्तिर. पूर्वीची पडण्याची आठवण असल्यामुळें तित्तिर उंच उडत नाहीं, झाडावर घरटें बांधीत नाहीं, व जमिनीलगत झुडपांत अंडीं घालतो, असें कवीनें म्हटलें आहे. या पक्ष्याची आपणांस पुढें एकदां गांठ पडणार आहे.

अथेन्सच्या न्यायसभेनें डेडॅलसला दोषी ठरविलें. तेव्हां तो भूमध्य समुद्रांतील क्रीट नांवाच्या बेटावर मायनॉस राजाच्या आश्रयास गेला. उत्तम कारागिराला आश्रय देण्यास कोणता राजा नाहीं म्हणेल? त्याच्या पूर्ववृत्ताची चौकशी फारशी झाली नाहीं. मायनॉसनें समुद्रदेव पोसायडन यास एक शुभ्र बैल बळी देण्याचें वचन दिलें होतें. परंतु बैलाचें रूप पाहून त्यास लोभ सुटला व त्यानें दुसराच बैल कापला. त्या पापाचें फळ म्हणून राजघराण्यांत एक विलक्षण प्राणी जन्मास आला. त्याचें धड मनुष्याचें व मस्तक बैलाचें होतें, आणि त्यास मिनोटॉर म्हणत. हा अनर्थ घडण्यास डेडॅलसनें राणीच्या सांगण्यावरून तयार केलेलें एक लांकडी सोंगही कारण झालें होतें. आतां राजानें त्यालाच बोलावून आज्ञा केली कीं, ही लाज लोकांच्या दृष्टीआड राहील असें एक घर बांध.

डेडॅलसनें बांधिलें तें लॅबिरिंथ या नांवानें प्रसिद्ध असलेलें भुलभुलैयाचें घर. त्यांतील वाटा फुटत, वळत, पुन्हां आपल्यालाच येऊन मिळत. आंत शिरलेल्याला दार कोठें राहिलें याचा पत्ता लागत नसे. अभिमन्यूला चक्रव्यूहांत शिरणें ठाऊक होतें, बाहेर पडणें ठाऊक नव्हतें. येथें तर खुद्द बांधणाऱ्यालाही परत दाराशीं येतांना पुरेवाट झाली, असें ओव्हिड म्हणतो. त्या घरांत मिनोटॉरला कोंडण्यांत आलें. त्याच्या भक्ष्यासाठीं युद्धांत हरलेल्या अथेन्सनें ठराविक मुदतीनें ७ तरुण व ७ तरुणी पाठवाव्यात असा करार झाला. ज्या गांवानें डेडॅलसला लहानाचा मोठा केला, त्याच गांवचीं मुलें त्यानें बांधलेल्या घरांत मरूं लागलीं.

येथपर्यंतच्या हकीकतीवरून या कारागिराचा स्वभाव स्पष्ट होतो. कोणतेंही काम सांगा, तें कसें करावें हें त्यास ताबडतोब सुचे. तें करावें कीं करूं नये, हा प्रश्न मात्र त्याच्या मनास शिवत नसे. राणीनें सांगितलें, केलें. राजानें सांगितलें, केलें. आणि एका कामानें उत्पन्न झालेलें संकट निवारण्यासाठीं दुसरें काम, अशी त्याच्या शोधांची सांखळी वाढत गेली.

तिसऱ्या खेपेस अथेन्सहून आलेल्या तरुणांत राजपुत्र थीसिअस होता. मायनॉसची कन्या अरिअड्नी हिचें मन त्याच्यावर बसलें. त्याचा जीव वांचावा म्हणून तिनें डेडॅलसची विनवणी केली. ज्या घराचें कोडें मोठमोठ्यांस सुटलें नव्हतें, त्याचें उत्तर त्यानें एका सुताच्या गुंडीनें दिलें. दोऱ्याचें एक टोंक दारास बांधावें, गुंडी उलगडीत आंत जावें, आणि तोच दोरा धरून परत यावें. थीसिअसनें तसें केलें, मिनोटॉरला मारिलें, आणि अरिअड्नीसह तो गलबतांत बसून निघून गेला. मायनॉसचा राग डेडॅलसवर आला. त्यानें त्यास व त्याचा मुलगा इकॅरस यास त्याच लॅबिरिंथमध्यें कोंडलें. राजाचीं गलबतें समुद्रावर पहारा करीत होतीं. जमिनीवर त्याचे शिपाई होते. मोकळें होतें तें केवळ आकाश.

डेडॅलसनें पक्ष्यांचीं पिसें जमविलीं. गुराखी कमीअधिक लांबीचे वेळू ओळीनें जोडून पांवा करतात, त्याप्रमाणें त्यानें तीं लहानापासून मोठ्यापर्यंत क्रमानें मांडिलीं. मधोमध दोऱ्यानें ओंविलीं, बुडाशीं मेणानें चिकटविलीं, आणि पक्ष्याच्या पंखासारखा त्यांस किंचित् बांक दिला. इकॅरस जवळ उभा राहून उडणारीं पिसें पकडी, मेण अंगठ्यानें मऊ करी, आणि बापाच्या कामांत लुडबूड करी. त्याला काय ठाऊक कीं आपण कशाशीं खेळत आहों? पंख बांधतांना बापानें बजावलें : “फार खालीं उडूं नको, समुद्राच्या दमट हवेनें पिसें जड होतील, फार वर जाऊं नको, उन्हानें मेण वितळेल, मधल्या वाटेनें माझ्यामागून ये.” हें सांगतांना म्हाताऱ्याचे हात कांपत होते, असें कवि लिहितो.

दोघेही उडाले. खालीं गळ टाकून बसलेला कोळी, काठीवर रेललेला धनगर आणि नांगराच्या रुमण्यावर वांकलेला शेतकरी हे त्यांच्याकडे पाहून चकित झाले, व हे देवच असावेत असें त्यांस वाटलें. सॅमॉस, डीलॉस, पॅरॉस हीं बेटें मागें पडलीं. इतक्यांत इकॅरसला उडण्याची धुंदी चढली आणि तो बापास सोडून वर वर गेला. मेण वितळलें, पिसें गळालीं, आणि मुलगा समुद्रांत पडला. बापानें हांका मारल्या. शेवटीं लाटांवर त्यास पिसें दिसलीं. ज्या बेटावर त्यानें मुलास मूठमाती दिली, तें आजही इकारिया या नांवानें ओळखलें जातें. प्रेत पुरीत असतांना जवळच्या चिखलाच्या पाटांतून एका पक्ष्यानें मान वर काढिली आणि पंख फडफडविले. तो पक्षी तित्तिर होता. एका मुलाला उंचावरून लोटणाऱ्याचा स्वतःचा मुलगा उंचावरून पडला, हें ओव्हिडनें उपदेशाचा एक शब्दही न लिहितां सांगितलें आहे.

पुढें डेडॅलस सिसिली बेटांत कोकॅलस राजाकडे लपून राहिला. मायनॉस त्याचा शोध करीत फिरत होता. त्यानें एक युक्ति केली. पीळदार पोकळी असलेला एक शंख बरोबर घेतला, आणि याच्या सर्व वळशांतून जो दोरा ओंवून दाखवील त्यास मोठें बक्षीस देईन असें तो जागोजाग सांगूं लागला. हें कोडें डेडॅलसखेरीज कोणास सुटणार नाहीं हें त्यास पक्कें ठाऊक होतें. कोकॅलसनें शंख गुपचूप डेडॅलसला दिला. त्यानें शंखाच्या टोंकास बारीक भोंक पाडिलें, एका मुंगीला दोरा बांधिला, आणि तिला आंत सोडून दुसऱ्या तोंडानें बाहेर येऊं दिलें. दोरा ओंवलेला पाहतांच मायनॉसनें आपला कैदी मागितला. कारागीर आपल्या चातुर्यामुळेंच पकडला गेला! परंतु कोकॅलसच्या मुलींना डेडॅलस प्रिय झाला होता. पाहुणा राजा स्नानास बसला असतां त्यांनीं उकळत्या पाण्यानें त्याचा अंत केला.

सिसिलींत डेडॅलसनें कांहीं लोकोपयोगी कामें केलीं असें डायोडोरस लिहितो. त्यानें एक जलाशय बांधिला; सेलिनस येथें जमिनींतून निघणारी वाफ कोंडून, सुखानें घाम येईल असें स्नानगृह केलें. राजांच्या लाजा लपविणाऱ्या मनुष्यानें दुखणाइतांसाठीं न्हाणीघर बांधावें, ही गोष्ट या चरित्रांत मनाला गारवा देणारी आहे. व्हर्जिलची कथा निराळी आहे. तो म्हणतो कीं डेडॅलस इटलींतील कूमी येथें उतरला, त्यानें अपोलो देवाचें मंदिर बांधिलें, आणि पंख देवास अर्पण केले. मंदिराच्या दारावर त्यानें सोन्यांत सगळी कथा कोरिली. मिनोटॉर कोरला, लॅबिरिंथ कोरलें. इकॅरसचें पतन कोरावयास त्यानें दोन वेळां हात घातला, आणि दोन्ही वेळां ते हात गळून खालीं आले. ज्या हातांना आजवर कोणतेंही काम अशक्य नव्हतें, त्यांना हें एक काम झालें नाहीं.

आतां कोणी विचारील, या सगळ्यांत कांहीं सत्यांश आहे काय? डेडॅलस या नांवाचा ग्रीक भाषेंतील अर्थच ‘कुशलतेनें घडविणारा’ असा आहे. तेव्हां अनेक अज्ञात कारागिरांची कीर्ति या एका नांवावर गोळा झाली असावी, असें मानण्यास जागा आहे. तथापि नांव फार जुनें आहे. होमरच्या इलियड काव्यांत, डेडॅलसनें क्नॉसॉस नगरांत अरिअड्नीसाठीं नृत्यांगण केल्याचा उल्लेख येतो. इ. स. १९०० मध्यें सर आर्थर इव्हॅन्स यांनीं क्रीटमध्यें क्नॉसॉसचें उत्खनन आरंभिलें, तेव्हां दालनें, जिने व बोळ यांची अशी कांहीं गुंतागुंत उघडकीस आली कीं लॅबिरिंथच्या कथेचें मूळ येथेंच असावें असें पुष्कळांस वाटलें. तेथें मातीच्या लेखांकित विटा मिळाल्या. त्यांची लिपि मायकेल व्हेन्ट्रिस या इंग्रज गृहस्थांनीं १९५२ सालीं उलगडली. त्यांतील एका विटेवर, तेल कोठें पाठवावयाचें हें सांगतांना एका स्थळाचें नांव येतें, तें डेडॅलसच्या नांवाशीं जुळतें. सुमारें तेहतीसशें वर्षांपूर्वीं हें नांव क्रीटमध्यें वापरांत होतें, असा त्याचा अर्थ विद्वान् करितात.

पंखांविषयीं शास्त्र काय सांगतें तेंही पाहूं. सूर्य पृथ्वीपासून सुमारें १५ कोटि किलोमीटर दूर आहे. हजार दोन हजार मीटर वर गेल्यानें त्याच्या अंतरांत कांहींच फरक पडत नाहीं. उलट, दर हजार मीटरांस हवा साधारणपणें साडेसहा अंशांनीं थंड होत जाते. मधमाशांचें मेण सुमारें ६२ ते ६४ अंश सेंटिग्रेड उष्णतेस वितळतें. तेव्हां इकॅरसचें मेण उंचीमुळें वितळलें नसतें, अधिक घट्ट झालें असतें. खरी अडचण निराळीच आहे. बोरेली या इटालियन शास्त्रज्ञाचा प्राण्यांच्या हालचालींवरील ग्रंथ त्याच्या मृत्यूनंतर १६८० सालीं प्रसिद्ध झाला. त्यांत त्यानें दाखविलें कीं पक्ष्यांच्या छातीचे स्नायु त्यांच्या वजनाच्या मानानें फार बळकट असतात, मनुष्याचे तितके नसतात. म्हणून हातांना पंख बांधून मनुष्य कधींही उडूं शकणार नाहीं.

तरीही स्वतःच्या बळावर क्रीटहून उडून जाण्याचें स्वप्न अखेर खरें झालें. अमेरिकेंतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या संस्थेशीं संबंधित मंडळींनीं एक विमान तयार केलें व त्यास डेडॅलस हेंच नांव दिलें. त्याच्या पंखांचा विस्तार ३४ मीटर होता, पण वजन केवळ ३१ किलोग्रॅम. त्यांत एंजिन नव्हतें. पायांनीं पायटे मारून पंखा फिरवावयाचा, कारण मनुष्याच्या पायांत हातांपेक्षां बळ अधिक. २३ एप्रिल १९८८ रोजीं कॅनेलॉस कॅनेलोपूलॉस नांवाच्या ग्रीक सायकलपटूनें क्रीटमधील हेराक्लिऑन येथून उड्डाण केलें. समुद्राच्या पृष्ठभागापासून थोड्याच उंचीवरून ११५ किलोमीटर अंतर ३ तास ५४ मिनिटांत ओलांडून तो सँटोरिनी बेटाशीं पोंचला. किनारा अगदीं कांहीं मीटरांवर असतां वाऱ्याच्या झोतानें विमान मोडलें व पाण्यांत पडलें. वैमानिक पोहून सुखरूप कांठाला लागला. हें यश एकट्याचें नव्हतें. पुष्कळांनीं मिळून हिशेब केले होते, चुका एकमेकांस दाखविल्या होत्या, आणि मुख्य उड्डाणापूर्वीं अनेक चांचण्या घेतल्या होत्या. इकॅरसला मात्र थेट समुद्रावरच उडावें लागलें.

डेडॅलसचें नांव शास्त्रज्ञांच्या वादांतही आलें आहे. जे. बी. एस. हॉल्डेन यांनीं १९२३ सालीं केंब्रिज येथें ‘डेडॅलस’ या नांवाचा निबंध वाचिला आणि विज्ञानाच्या भावी पराक्रमांचें चित्र रंगविलें. हे गृहस्थ पुढें १९५७ मध्यें हिंदुस्थानांत येऊन येथीलच झाले, व १९६४ मध्यें भुवनेश्वर येथें वारले. त्यांच्या निबंधास बर्ट्रंड रसेल यांनीं १९२४ मध्यें उत्तर दिलें. त्या पुस्तकाचें नांव ‘इकॅरस’. विज्ञानाचा उपयोग लोकांस सुखी करण्यापेक्षां सत्ताधाऱ्यांचें बळ वाढविण्याकडे होईल, अशी भीति रसेल यांनीं व्यक्त केली. मायनॉसची आज्ञा ज्यांच्या ध्यानांत आहे, त्यांना ही भीति पोकळ वाटणार नाहीं.

विद्यार्थीमित्रहो, तुमच्यापैकीं कोणी पुढें यंत्रें कराल, कोणी पूल बांधाल, कोणी औषधें शोधाल. त्या वेळीं तुमच्यापुढें काम ठेविलें जाईल, आणि तें कसें करावें हें सुचल्याचा आनंद फार मोठा असेल. त्या आनंदांत असतांना क्षणभर थांबून इतकें विचारा : हें कोणासाठीं, आणि यांत कोणाचीं मुलें कोंडलीं जाणार आहेत? हा प्रश्न विचारण्यास करवतीइतकीही बुद्धि लागत नाहीं. पण डेडॅलससारख्या बुद्धिमंतालाही तो वेळेवर सुचला नाहीं.

आणि पालकांस एक विनंति. डेडॅलसचा उपदेश बिनचूक होता. परंतु आयुष्यभर जो स्वतः मधल्या वाटेनें चालला नाहीं, त्यानें ती वाट मुलास प्रथम सांगितली ती पंख बांधतांना, समुद्राच्या कांठावर. आपलीं मुलें आज ना उद्यां उडणारच, आणि उडावींत. त्यांस मर्यादेची ओळख मात्र तीं मेणाशीं खेळत असतांच, घरच्या अंगणांत, आपल्या रोजच्या वागण्यांतून झालेली असावी.